हापूस, नारळाचे दूध आणि वेलची-जायफळ : साखरेविना थंड वाटी

पदार्थ जितका थंड, तितकी जिभेला गोडाची जाणीव कमी होते आणि त्याचा वासही नाकापर्यंत कमी पोहोचतो. म्हणूनच पातेल्यात चाखताना गोडमिट्ट वाटलेले मिश्रण फ्रिजमधून काढल्यावर बेताचेच गोड लागते. फ्रूट कस्टर्ड, मँगो पुडिंग यांसारख्या थंड पदार्थांच्या बहुतेक कृती ही तूट साखरेने भरून काढतात किंवा सरळ कंडेन्स्ड मिल्कचा डबा ओततात, आणि त्या डब्यातले निम्म्याहून अधिक वजन साखरेचेच असते. पुढे दिलेल्या कृतीत वरून साखर अजिबात नाही. गोडवा पूर्ण पिकलेल्या आंब्याचा आणि थोडासा शहाळ्याच्या पाण्याचा आहे, आणि थंडपणामुळे दबणारा सुगंध टिकावा म्हणून वेलची आणि केशर गार करण्यापूर्वीच द्रवात मुरवून घेतले आहेत, आणि जायफळ त्यानंतर अगदी थोडे मिसळले आहे. मसाला वरून भुरभुरवणे आणि मसाला मुरवणे यांतल्या फरकावरच या पदार्थाची सगळी चव अवलंबून आहे, त्यामुळे कृती वाचताना त्या भागाकडे अधिक लक्ष द्यावे.

नारळाचे गोड दूध कोकणाला मुळीच नवे नाही. मालवणी घरांत शिरवाळे आणि खापरोळ्या गूळ व वेलची घातलेल्या नारळाच्या रसाबरोबरच वाढतात, आणि त्या रसाची चव ज्यांच्या तोंडात बसली आहे त्यांना आंब्याबरोबर नारळ का शोभतो, हे सांगावे लागणार नाही. येथे तोच रस गुळाशिवाय केला आहे आणि चायना ग्रासने (समुद्री शेवाळापासून केलेला, जेलीसारखे जमवणारा पदार्थ, म्हणजेच अगर-अगर) अगदी अलगद जमवला आहे. वाटी हलवली तर तो थरथरला पाहिजे. सुरीने वड्या पडतील इतका घट्ट होता कामा नये.

पाच जणांसाठी एक मध्यम आकाराचा नारळ, पातळ मलई असलेले एक शहाळे, अडीचशे ते तीनशे ग्रॅम वजनाचे दोन पिकलेले हापूस, चायना ग्रासची ३ ग्रॅम पूड (सपाट भरलेला साधारण दीड छोटा चमचा), सहा हिरव्या वेलच्या, एक अख्खे जायफळ (त्यातले अगदी थोडे वापरायचे आहे), केशराच्या बारा-पंधरा काड्या, एक मोठा चमचा सब्जा आणि चिमूटभर मीठ एवढे साहित्य पुरते. चायना ग्रास पुडीऐवजी पट्ट्यांच्या रूपात मिळाला, तर तो वजनाने दुप्पट, म्हणजे ६ ग्रॅम घ्यावा आणि कात्रीने बारीक कापून अर्धा तास पाण्यात भिजवून, निथळून वापरावा.

आंब्यापासून सुरुवात करावी, कारण साखर नसलेल्या पदार्थात कच्चट आंब्याला लपायला जागा राहत नाही. हापूस पिकला की नाही, हे रंगावरून ठरवू नये. देठाजवळ नाक नेल्यावर वास स्पष्ट आला पाहिजे, देठाभोवतीचा खांदा भरलेला असावा आणि अंगठ्याने हलके दाबल्यावर फळ सर्व बाजूंनी सारखेच नरम लागावे. सालीवर बारीक सुरकुती पडू लागली असेल, तर या पदार्थासाठी तो आंबा सर्वांत योग्य समजावा. बाहेरून पिवळाधमक पण निर्वास आंबा बहुधा कृत्रिम रीतीने पिकवलेला असतो. त्यासाठी कॅल्शियम कार्बाइड वापरण्यास आपल्याकडे कायद्याने बंदी आहे, तरीही खरेदी करताना सावध राहिलेले बरे. कच्ची पेटी आणली असेल, तर फळे पेंढ्याच्या अढीत ठेवून पिकू द्यावीत आणि पिकल्यावरच फ्रिजमध्ये ठेवावीत, कारण कच्चा आंबा थंडीत ठेवला की त्याचे पिकणे बिघडते आणि नंतर बाहेर काढूनही त्याला खरा वास येत नाही. हापुसाचा आणखी एक दोष बाहेरून दिसत नाही, तो म्हणजे साका. कोयीलगतचा गर पांढरट, भुसभुशीत आणि आंबूस निघाला, तर तेवढा भाग निर्दयपणे काढून टाकावा. त्याचा एक चमचाही रसात मिसळला तर सगळ्या रसाची चव उतरते. हे लक्षात घेऊन घरात एक आंबा जास्तीचा असू द्यावा. गोव्यातल्या वाचकांना मानकुराद अधिक प्रिय असेल, तर तो अवश्य वापरावा. पायरीही चालेल, मात्र तिचा रस पातळ असल्याने फोडींसाठी दुसरा आंबा घ्यावा.

आंबे अर्धा तास पाण्यात बुडवून ठेवावेत, म्हणजे देठाचा चीक धुऊन जातो. मग पुसून फ्रिजमध्ये ठेवावेत. ते कापायचे मात्र वाढण्याच्या थोडे आधीच, कारण कापलेल्या हापुसाचा वास लवकर उडून जातो आणि कडा काळवंडू लागतात.

आता नारळ. नारळ खवताना पाठीचा करडा भाग येऊ देऊ नये, कारण त्याने दूध मळकट दिसते आणि मागाहून किंचित तुरट लागते. खवलेल्या खोबऱ्यात १५० मिलिलिटर कोमट पाणी घालून ते मिक्सरमध्ये फिरवावे आणि पातळ पंच्यातून घट्ट पिळावे; हे दाट दूध. चोथ्यात पुन्हा ३५० मिलिलिटर कोमट पाणी घालून फिरवून पिळले की पातळ दूध मिळते. या पदार्थासाठी पातळ दूध सगळे आणि दाट दूध फक्त १०० मिलिलिटर घ्यायचे आहे. दाट दूध उरेल, ते त्याच दिवशी सोलकढीत किंवा आमटीत वापरावे.

दाट दूध इतके कमी घेण्याची दोन कारणे आहेत आणि दोन्ही महत्त्वाची आहेत. पहिले आरोग्याचे. नारळाच्या दुधातला स्निग्धांश बहुतांशी संपृक्त असतो, आणि नारळ नैसर्गिक आहे म्हणून तो हवा तेवढा खावा, असे समजणे चुकीचे आहे. दुसरे कारण थेट थंड पदार्थाशी निगडित आहे. खोबरेल साधारण २४ अंश सेल्सिअसच्या खाली थिजते, हे हिवाळ्यात बाटलीतले तेल पाहणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक आहे. फ्रिजमध्ये दाट दुधातही तेच घडते: वर मेणासारखा थर येतो, तो टाळूला चिकटतो आणि जिभेवर तेलकटपणा राहतो, त्यामुळे आंब्याची चव पोहोचतच नाही. पातळ दुधाचा पदार्थ थंड असताना जास्त स्वच्छ लागतो. उलट स्निग्धांश अजिबात नसेल तर वेलचीचा सुगंध धरून ठेवायला काहीच उरत नाही, म्हणून ते १०० मिलिलिटर दाट दूध वगळूही नये.

मसाल्यांपैकी प्रत्येकाची वागणूक वेगळी आहे. वेलचीचा सुगंध तिच्या काळ्या दाण्यांतल्या उडनशील तेलात असतो. तयार पूड काही आठवड्यांतच निस्तेज होते, म्हणून वेलची ऐन वेळी खलबत्त्यात ठेचावी. दाणे चिकट आणि काळेभोर असावेत. वाळून तपकिरी पडलेले दाणे काढून टाकावेत. सालीलाही थोडा वास असतो, आणि दूध पुढे गाळायचेच असल्याने सालीसकट ठेचलेली वेलची घालण्यास हरकत नाही. पातळ दूध जाड बुडाच्या पातेल्यात मंद आचेवर ठेवावे. कडेला बारीक बुडबुडे दिसू लागले आणि वाफ निघू लागली की आच बंद करावी. त्याला उकळी फुटू देऊ नये, नाहीतर दूध फाटून वर तेल व खाली पाणी असे होते. ठेचलेली वेलची या गरम दुधात टाकून लगेच झाकण ठेवावे आणि वीस मिनिटे तसेच राहू द्यावे. झाकणाला विशेष महत्त्व आहे. वीस मिनिटांनी ते उचलल्यावर आतल्या बाजूला जमलेले थेंब पातेल्यातच निथळू द्यावेत, कारण वेलचीचा बराच वास त्या थेंबांत उतरलेला असतो.

केशराचा रंग पाण्यात विरघळणारा आहे, म्हणून त्याच्या काड्या दोन मोठे चमचे कोमट पाण्यात वेगळ्या भिजत घालाव्यात. चांगले केशर रंग सावकाश सोडते: पाणी पाच-दहा मिनिटांत हळूहळू सोनेरी होते आणि काडी मात्र लालच राहते. पाण्यात पडताक्षणी भसकन लाल रंग सुटला आणि काडी पांढरी पडली, तर ते केशर नकली किंवा रंगवलेले समजावे.

जायफळ मुरवत ठेवू नये. जास्त वेळ राहिले की त्याचा कडवटपणा उतरतो. ते बारीक किसणीवर दोन-तीनदा घासून पडेल तेवढेच, वेलची गाळून झाल्यावर दुधात मिसळावे. पाच वाट्यांना पाव छोटा चमचा किसलेले जायफळसुद्धा जास्त होते. जास्त जायफळाने पदार्थ औषधासारखा लागतो, आणि मोठ्या प्रमाणात ते शरीराला अपायकारकही आहे, म्हणून येथे सढळ हात नको. कोकणात नारळ-सुपारीच्या बागांत आंतरपीक म्हणून जायफळाची झाडे लावतात आणि दापोलीच्या कृषी विद्यापीठाने ‘कोकण सुगंधा’ व ‘कोकण स्वाद’ यांसारखे वाणही त्यासाठी दिले आहेत. त्यामुळे एकाच वाडीतला नारळ आणि जायफळ एका वाटीत आणणे तिकडच्या अनेक घरांना सहज जमण्यासारखे आहे. ताजी जायपत्री मिळाली, तर तिचा नखाएवढा तुकडा वेलचीबरोबर मुरवावा. जायफळापेक्षा तिचा वास नाजूक असतो आणि हापुसाशी तिचे अधिक जुळते, असे माझे मत आहे. दालचिनी आणि लवंग मात्र हापुसाबरोबर घालू नयेत. दोन्हींचा वास आंब्याच्या वासावर चढून बसतो आणि एवढा महाग आंबा घेऊन तोंडात केवळ मसाला राहतो.

आता दूध जमवायचे. शहाळ्याचे २०० मिलिलिटर पाणी एका लहान पातेल्यात गार असतानाच घेऊन त्यावर चायना ग्रासची पूड भुरभुरवावी आणि पाच-सात मिनिटे भिजू द्यावी. गरम पाण्यात पूड टाकली की तिच्या गाठी होतात आणि त्या मग काही केल्या मोडत नाहीत. भिजलेले मिश्रण मध्यम आचेवर ढवळत उकळावे आणि उकळी आल्यावर आणखी दोन-तीन मिनिटे उकळू द्यावे. चायना ग्रास नुसता गरम होऊन भागत नाही; तो विरघळण्यासाठी उकळावाच लागतो, आणि नारळाचे दूध तर उकळायचे नाही, म्हणूनच तो आधी शहाळ्याच्या पाण्यात विरघळवून घ्यायचा आहे. चमचा बुडवून वर काढावा. चमच्यावरच्या पातळ थरात एकही कण दिसला नाही म्हणजे झाले.

वेलची मुरलेले पातळ दूध गाळून घ्यावे. त्यात केशराचे पाणी काड्यांसकट, जायफळ, चिमूटभर मीठ आणि दाट दूध मिसळावे. मिठाच्या त्या चिमटीने खारट चव येत नाही. नारळाची गोडी मात्र नेमकी पुढे येते. हे दूध या वेळी कोमट असलेच पाहिजे, निवले असेल तर पुन्हा किंचित ऊन करावे. गार दुधात चायना ग्रास ओतला तर तो तत्क्षणी जमू लागतो आणि दुधात रबरासारखे तंतू तयार होतात. कोमट दुधात गरम चायना ग्रास सावकाश ओतत एका हाताने ढवळत राहावे.

लगेच वाट्यांत ओतण्याची घाई करू नये. गरम मिश्रण तसेच ओतले तर ते जमेपर्यंत स्निग्धांश वर तरंगून येतो आणि वाटीत पांढरा व पाणीदार असे दोन थर दिसतात. पातेले थंड पाण्याच्या परातीत ठेवून मिश्रण हलक्या हाताने ढवळत राहावे. चमच्याला थोडा जडपणा जाणवू लागला आणि कडेला जमण्याची पुसट खूण दिसली की पटकन पाच वाट्यांत ओतावे. या क्षणाकडे नीट लक्ष द्यावे लागते, कारण चायना ग्रास ४० अंश सेल्सिअसच्या खाली उतरू लागला की झपाट्याने जमतो. चुकून पातेल्यातच जमले, तर मंद आचेवर पुन्हा पातळ करून घेता येते. मात्र त्यासाठी ते बरेच तापवावे लागते, आणि तेव्हाही उकळी येऊ द्यायची नाही. वाट्यांतले मिश्रण बाहेरच अर्ध्या तासात जमते. मग झाकून फ्रिजमध्ये निदान तीन तास ठेवावे. उघडे ठेवले तर नारळाचे दूध फ्रिजमधल्या कांद्या-लसणाचा वास ओढून घेते.

सब्जा एक पेलाभर पाण्यात वीस मिनिटे भिजवावा आणि गाळणीत निथळावा. शहाळ्यातली मलई चमच्याने खरवडून बोटभर पट्ट्यांत कापावी. वाढण्यापूर्वी एका आंब्याचा गर काट्याने नुसता कुस्करावा; हापुसात धागे नसतात, त्यामुळे मिक्सरची गरज नाही, आणि मिक्सरमध्ये हवा मिसळून रस फेसाळतो व फिका पडतो. दुसऱ्या आंब्याच्या बोराएवढ्या फोडी कराव्यात. जमलेल्या दुधावर दोन चमचे रस, त्यावर फोडी, बाजूला मलईच्या पट्ट्या आणि वर चमचाभर सब्जा असे रचावे. आंबा फारच पिकून नुसता गोडसर लागत असेल, तर रसात लिंबाचे तीन-चार थेंब पिळावेत. शेवटी प्रत्येक वाटीवर जायफळ किसणीवर एकदाच घासावे. वाट्या फ्रिजमधून काढल्यावर दहा मिनिटे बाहेर ठेवून मगच हातात द्याव्यात. तेवढ्या वेळात दुधाचा गारठा किंचित कमी होतो आणि मुरवलेली वेलची व केशर यांचा वास खुलतो.

एका वाटीत साधारण ७० ग्रॅम आंबा जातो आणि त्यातून दहा ग्रॅमच्या आसपास साखर पोटात जाते. ही साखर फळातली असली तरी ती साखरच आहे, त्यामुळे मधुमेह असलेल्यांनी ही वाटी जेवणावर वरून न खाता आपल्या ठरलेल्या आहारात मोजून, डॉक्टरांच्या सल्ल्याने घ्यावी. त्यांच्यासाठी आंबा निम्मा आणि शहाळ्याची मलई व सब्जा दुप्पट असे प्रमाण ठेवता येते. लहान मुलांना सब्जा पूर्ण भिजलेलाच द्यावा. घरात कुणाला दूध फारच अगोड वाटले, तर पाच वाट्यांना मिळून एक मोठा चमचा किसलेला गूळ शहाळ्याच्या पाण्यात विरघळवावा. पण गूळही साखरच आहे, हे विसरू नये.

हापुसाचा हंगाम मेअखेर ओसरतो, त्यानंतरही हा पदार्थ करता येतो. अननस घ्यायचा असेल तर चायना ग्रासच वापरावा. जिलेटिन हे प्रथिन असल्याने कच्च्या अननसातले प्रथिने तोडणारे विकर (एन्झाइम) त्याला जमूच देत नाही. त्याच विकरामुळे गाईच्या दुधात अननस घालून ठेवला की दूध कडू होते. नारळाच्या दुधात प्रथिने थोडी असल्याने हा त्रास जाणवत नाही, तरीही अननसाच्या फोडी वाढतानाच घालाव्यात. अननसाबरोबर जायफळ व केशर वगळून वेलचीच्या जोडीला दालचिनीचा बोटाच्या पेराएवढा तुकडा मुरवावा. येथे तिचा जोर शोभतो. श्रावणात हळदीची पाने मोठी झालेली असतात. पातोळ्यांसाठी आणलेल्या पानांतले एक पान गाठ मारून गरम दुधात वेलचीबरोबर मुरवावे आणि वर वेलची केळ्यांच्या चकत्या घालाव्यात. केळी काळी पडतात, म्हणून ती अगदी शेवटी कापावीत. कापा फणसाचे गरे बारीक चिरून घातले तर आणखी कुठला मसाला न घालता नुसती वेलची पुरे होते.

परदेशात ओला नारळ मिळणे कठीण असेल, तर डब्यातले नारळाचे दूध दीडपट पाण्याने पातळ करून त्याचे ४५० मिलिलिटर घ्यावे आणि त्यात साखर मिसळलेली नाही, हे वेष्टनावर वाचून पाहावे. डब्यातल्या हापूस रसातही अनेकदा साखर असते, त्यापेक्षा अमेरिकेत मिळणारा मेक्सिकोचा पिवळा अताउल्फो आंबा पूर्ण पिकवून वापरलेला बरा. तोही बिनधाग्याचा असतो. शहाळ्याऐवजी साधे पाणी चालते, फक्त गोडी थोडी उतरते.

जमलेले दूध झाकून फ्रिजमध्ये दुसऱ्या दिवसापर्यंत राहते. त्यानंतर चायना ग्रास पाणी सोडू लागतो आणि उन्हाळ्यात नारळाच्या दुधाला आंबूस वास येण्याची शक्यता असते. वाट्या फ्रीजरमध्ये मात्र कधीही ठेवू नयेत, कारण गोठून वितळल्यावर जमलेल्या दुधाचा स्पंजासारखा चोथा होतो. पाहुणे संध्याकाळी येणार असतील, तर दूध सकाळी जमवून ठेवावे आणि जेवण संपत आल्यावर आंबा कापायला घ्यावा.